भाऊबंदांचा करंडक

अमेरिकेतल्या विद्यापीठांच्या अटलांटिक कोस्ट कॉन्फरन्सची, म्हणजे एसीसीची, पुरुषांची सॉकर स्पर्धा व्हर्जिनिया विद्यापीठानं ११ वेळा जिंकली आहे, मेरीलंडनं ६ वेळा, क्लेमसननं ५ वेळा आणि नॉर्थ कॅरोलायना स्टेटनं एकदा. ती एकदा म्हणजे १९९०. आमच्या शेजारचे निवृत्त गृहस्थ याच विद्यापीठात शिकलेले. अंगणातली पानं गोळा करताना कुणी सॉकरचं नाव काढायचा अवकाश, तिसऱ्या वाक्याला त्यांचं १९९० हजर. व्हर्जिनियाच्या ११ बद्दल ते काही बोलत नाहीत. चॅपेल हिलच्या नॉर्थ कॅरोलायनाकडे ३ आहेत आणि डरमच्या ड्यूककडेही ३, हे मात्र त्यांना फार लागतं. चॅपेल हिल, डरम आणि त्यांचं रॅली ही गावं एकमेकांपासून साधारण अर्ध्या तासाच्या अंतरात. परक्यानं जिंकलेलं सोसतं, शेजारच्यानं जिंकलेलं सोसत नाही. ही भाऊबंदकी ज्याला कळली, त्याला ही स्पर्धा कळली असं समजायला हरकत नाही.

नकाशावर या तिन्ही गावांच्या मध्ये कुठेतरी आमचं कॅरी आहे. इथे तेलुगू, तमिळ आणि मराठी माणसं आयटीच्या निमित्तानं येऊन राहिली, देवळं झाली, पलीकडच्या मॉरिसव्हिलमध्ये क्रिकेटचं मैदान झालं. सॉकरचं वेकमेड पार्क मात्र आमच्यासाठी मुलांना सरावाला सोडायची जागा एवढंच होतं. तिथे नोव्हेंबरमध्ये कॉलेजांचे सामने असतात, हे मला बऱ्याच उशिरा कळलं. त्यानंतर मी या स्पर्धेच्या मागच्या वर्षांत शिरले आणि अजून बाहेर आलेले नाही.

कॉन्फरन्स म्हणजे काय ते थोडक्यात सांगते, कारण आपल्याकडे तसं काही नाही. काही विद्यापीठं एकत्र येऊन संघटना करतात आणि सगळे खेळ आधी आपसात खेळतात. वर्षभराच्या सामन्यांतून क्रमवारी ठरते, शेवटी बाद पद्धतीची स्पर्धा होते आणि ती जिंकणाऱ्याला राष्ट्रीय स्पर्धेत थेट जागा मिळते. एसीसीची स्थापना १९५३ साली ग्रीन्सबरो इथे झाली. सुरुवातीला सात विद्यापीठं होती, त्याच वर्षाअखेर व्हर्जिनिया आठवं झालं. सगळी अमेरिकेच्या पूर्व किनारपट्टीच्या दक्षिण भागातली. मेरीलंडपासून क्लेमसनपर्यंत, या टोकापासून त्या टोकाला बसनं एका दिवसात जाता येत होतं.

बास्केटबॉलमध्ये एसीसीनं १९५४ पासूनच विजेता स्पर्धेतून ठरवला. सॉकरच्या नशिबात ते यायला १९८७ उजाडलं. तोवरची ३३-३४ वर्षं साखळीत पहिला आलेला संघ हाच विजेता असायचा. त्यातली पहिली दीड दशकं जवळजवळ सगळी मेरीलंडची. त्यांचे प्रशिक्षक डॉयल रॉयल सॉकर शिकवायचे आणि टेनिसही शिकवायचे, यावरून त्या काळात सॉकरला किती किंमत होती याचा अंदाज यावा. १९६८ साली मेरीलंडनं राष्ट्रीय अजिंक्यपदही मिळवलं, मिशिगन स्टेटबरोबर वाटून. त्या काळाबद्दल मला याहून जास्त लिहावंसं वाटत नाही. एकच संघ जिंकत राहिला की इतिहास कंटाळवाणा होतो.

खरी गंमत १९८७ पासून सुरू होते, आणि तिची सुरुवात मुंबईपासून करता येते. हे मी ओढूनताणून आणत नाही. एसीसीची पहिली स्पर्धा नॉर्थ कॅरोलायनानं जिंकली. तेव्हा त्यांचे प्रशिक्षक होते अ‍ॅन्सन डोरान्स, आणि डोरान्स यांचा जन्म १९५१ साली मुंबईचा. वडील तेल कंपनीत अधिकारी. त्यामुळे पोरगं कोलकाता, नैरोबी, सिंगापूर, आदिस अबाबा अशा गावांतून वाढलं. अमेरिकेत ज्या काळी शाळकरी मुलं हातानं खेळायच्या फुटबॉलच्या मागे होती, तेव्हा हा मुलगा जगातल्या निम्म्या देशांच्या गल्ल्यांतून सॉकर शिकत होता. पुढे जगानं त्यांना ओळखलं ते महिलांच्या सॉकरसाठी. नॉर्थ कॅरोलायनाच्या महिला संघाला त्यांनी २१ वेळा राष्ट्रीय विजेतेपद मिळवून दिलं, आणि १९९१ चा पहिला महिला विश्वचषक अमेरिकेनं जिंकला तेव्हा प्रशिक्षक तेच होते. पण १९७७ ते १९८८ या काळात पुरुषांचा संघही त्यांच्याकडे होता. चॅपेल हिलच्या मैदानाला आज त्यांचं नाव आहे. आमच्या मराठी मंडळातल्या एका काकांना हे सांगितलं, तर त्यांनी पहिल्यांदा विचारलं, "मुंबईत कुठे?" ते मला सांगता आलं नाही, आणि काकांच्या दृष्टीनं माझी माहिती तिथेच बाद झाली.

त्या पिढीचे बाकीचे प्रशिक्षकही असेच कुठून कुठून आलेले. क्लेमसनचे आय. एम. इब्राहिम मूळचे पॅलेस्टिनी. १९६७ साली त्यांनी तिथला संघ उभा केला आणि १९९४ पर्यंत सांभाळला. सत्तरच्या दशकात दक्षिण कॅरोलायनातल्या त्या लहानशा गावात त्यांनी गयाना आणि नायजेरियातून मुलं आणली. वर्णभेदाचे कायदे जाऊन तेव्हा फार वर्षं झालेली नव्हती, हे लक्षात घेतलं की त्या संघाचा फोटो वेगळा दिसायला लागतो. वेक फॉरेस्टचे वॉल्टर चिझोविच युक्रेनमध्ये जन्मलेले, अमेरिकेच्या राष्ट्रीय संघाचे माजी प्रशिक्षक. नॉर्थ कॅरोलायना स्टेटचे जॉर्ज टॅरंटिनी अर्जेंटिनाचे. आमच्या शेजाऱ्यांचं १९९० त्यांच्याच हातचं. व्हर्जिनियाचे ब्रूस अरीना तेवढे ब्रुकलिनचे, आणि तिथे अनेकांच्या लेखी तेही परदेशीच. तंबाखूच्या शेतांच्या आणि चर्चच्या प्रदेशात सॉकर रुजला तो या माणसांमुळे. हे श्रेय त्यांना पुरेसं मिळालं असं मला वाटत नाही. स्पर्धेची पुस्तिका उघडली की गोल करणाऱ्यांच्या याद्या सापडतात, गयानाहून मुलं कशी आणली याची गोष्ट सापडत नाही.

पण १९८७ ची गोष्ट अर्धीच सांगितली. डोरान्स यांचा संघ एसीसीचा पहिला विजेता म्हणून राष्ट्रीय स्पर्धेत गेला आणि उपांत्य फेरीपर्यंत पोचला. तिथे समोर कोण, तर इब्राहिम यांचं क्लेमसन. सामना क्लेमसनच्याच मैदानावर. क्लेमसननं त्यांना ४-१ असं हरवलं आणि नंतर अंतिम सामन्यात सॅन डिएगो स्टेटलाही हरवून देशाचं विजेतेपद घेतलं. म्हणजे घरातला करंडक एकाकडे, देशाचा दुसऱ्याकडे, आणि दोघं एकाच घरातले. पहिल्याच वर्षी असं झालं आणि मग त्याची जणू सवयच लागली.

१९८९ साली एसीसी जिंकली वेक फॉरेस्टनं, राष्ट्रीय विजेतेपद मात्र व्हर्जिनियाकडे गेलं, सांता क्लाराबरोबर वाटून. २००१ साली एसीसी क्लेमसनची, देश नॉर्थ कॅरोलायनाचा. २००५ साली इथे ड्यूक, तिथे मेरीलंड. २००७ साली इथे बोस्टन कॉलेज, तिथे वेक फॉरेस्ट. २०१४ साली इथे क्लेमसन, तिथे व्हर्जिनिया. २०२१ साली इथे नोत्र दाम आणि तिथे क्लेमसन, शिवाय उपांत्य फेरीत क्लेमसननं पेनल्टीवर नोत्र दामलाच बाहेर काढलं. ही यादी मी पहिल्यांदा कागदावर मांडली तेव्हा मला वाटलं, मग या स्पर्धेला अर्थ काय? महिनाभरात जो भाऊ आपल्याला हरवून देशाचा राजा होणार आहे, त्याला आज हरवून काय मिळवलं?

याचं उत्तर मला लगेच सापडलं नाही. नोव्हेंबरमधली ही स्पर्धा काही दिवसांत उरकते. एकच वाईट दिवस, एक लाल कार्ड, गोलरक्षकाच्या हातातून निसटलेला एक ओला चेंडू, की वर्षभर पहिला असलेला संघ घरी. हरलेला चांगला संघ राष्ट्रीय स्पर्धेत तसाही घेतलाच जातो. तो आठवडाभर विश्रांती घेतो, दुखरे पाय शेकतो आणि ताजातवाना होऊन उतरतो. जिंकलेला संघ दमलेला असतो. एसीसीतल्या संघाला घरचा करंडक हरणं कधीकधी सोयीचं पडतं, हे कुणी प्रशिक्षक उघडपणे म्हणणार नाही, पण आकडे तसंच सुचवतात.

मात्र एका माणसानं हे गणित पार मोडून टाकलं होतं. ब्रूस अरीना १९७८ मध्ये व्हर्जिनियाला आले तेव्हा सॉकरबरोबर लॅक्रॉसच्या संघालाही मदत करत होते. १९९१, १९९२, १९९३, १९९४ ही चार वर्षं त्यांच्या संघानं एसीसीची स्पर्धाही जिंकली आणि राष्ट्रीय विजेतेपदही. लागोपाठ चार राष्ट्रीय विजेतेपदं पुरुषांमध्ये दुसऱ्या कुणाला जमलेली नाहीत. त्यातल्या पहिल्या तीन संघांत क्लॉडिओ रेना होता. त्याच्या पायातला चेंडू काढून घ्यायला गेलेले बचावपटू नुसतेच पळताना दिसतात. १९९५ ला पाचव्यांदा एसीसी जिंकली, आणि राष्ट्रीय उपांत्य फेरीत त्यांना हरवलं कुणी? ड्यूकनं. पुन्हा घरातलाच. त्यानंतर अरीना व्यावसायिक सॉकरकडे गेले आणि १९९६ मध्ये डी. सी. युनायटेडबरोबर एमएलएस या नव्या व्यावसायिक लीगचा पहिलावहिला चषक घेऊन मोकळे झाले.

याच घराचा एक वेगळा फोटो २००२ च्या जूनमध्ये दिसतो, दक्षिण कोरियातल्या उल्सानला. विश्वचषकाची उपांत्यपूर्व फेरी, अमेरिका विरुद्ध जर्मनी. अमेरिकेचे प्रशिक्षक अरीना, कर्णधार रेना. बचावफळीत एडी पोप आणि ग्रेग बेरहाल्टर, दोघंही नॉर्थ कॅरोलायनाचे. रेना आणि बेरहाल्टर न्यू जर्सीच्या एकाच शाळेतले. शाळा सुटल्यावर एक शार्लट्सव्हिलला, म्हणजे व्हर्जिनिया विद्यापीठात गेला, दुसरा चॅपेल हिलला, आणि मग तीन वर्षं ते विरुद्ध बाजूंनी खेळले. त्या सामन्यात बेरहाल्टरचा फटका गोलरेषेवर जर्मनीच्या फ्रिंग्सच्या हाताला लागला, पंचांनी काहीच दिलं नाही आणि अमेरिका १-० अशी हरली. आजही इथल्या कुठल्याही सॉकरवेड्यासमोर उल्सान म्हणा, तो स्वतःचा हात कोपरातून वर करून दाखवतो.

व्हर्जिनियाचाच एक खेळाडू मात्र वेगळ्याच कारणासाठी मराठी घरांत सांगण्यासारखा आहे. माइक फिशर. कॉलेज सॉकरमधला सर्वोच्च मानला जाणारा हर्मन ट्रॉफी पुरस्कार त्याला मिळाला. १९९७ मध्ये एमएलएसच्या निवडीत त्याचं नाव दुसरं पुकारलं गेलं. त्यानं नम्रपणे नको म्हटलं आणि तो वैद्यकीय शिक्षणाला गेला. लीग नवी, पगार बेताचा, डॉक्टरी पक्की. हे मी आमच्या मुलाला सांगितलं तेव्हा नवऱ्यानं वर्तमानपत्रातून डोकं वर काढून "बघ," एवढंच म्हटलं. खरं तर मला ही गोष्ट थोडी दुःखाची वाटते, पण ते मी त्या वेळी बोलले नाही.

आता पैशाचं बोलायला हवं, कारण त्यावाचून पुढचं कळणार नाही. अमेरिकन फुटबॉलच्या संघाला ८५ पूर्ण शिष्यवृत्त्या देता येत. पुरुष सॉकर संघाला किती? ९.९. पंचवीस-तीस पोरांत त्या वाटायच्या. याला अर्धी, त्याला पाव, एखाद्याला फक्त पुस्तकांचे पैसे. महिला सॉकरला १४. यामागे १९७२ चा टायटल नाइन कायदा आहे. मुलामुलींना खेळात समान संधी द्यायची, म्हणून फुटबॉलमध्ये मुलांचे ८५ गेल्यावर तराजू सरळ करायला मुलांच्या बाकीच्या खेळांना कात्री लागते. कायदा योग्यच आहे. कात्री फुटबॉलला का लागत नाही, हा प्रश्न विचारायची मात्र इथे पद्धत नाही. म्हणून एसीसीत असूनही फ्लोरिडा स्टेट, मायामी आणि जॉर्जिया टेक यांचे पुरुषांचे सॉकर संघच नाहीत, आणि फ्लोरिडा स्टेटच्या मुलींचा संघ देशात नावाजलेला आहे. दक्षिणेतली दुसरी बलाढ्य कॉन्फरन्स एसईसी, तिथे तर पुरुषांची सॉकर स्पर्धाच होत नाही. केंटकी आणि साउथ कॅरोलायना बिचारे सॉकरपुरते दुसऱ्याच्या दारात खेळतात. हे साउथ कॅरोलायना म्हणजे एसीसीच्या मूळ सातांतलं एक, १९७१ मध्ये घर सोडून गेलेलं.

त्यामुळे सॉकरमध्ये एसीसी २००४ पर्यंत सातचीच राहिली. व्हर्जिनिया टेक आलं, पाठोपाठ बोस्टन कॉलेज. बोस्टनवाल्यांनी दोन वर्षांत करंडकही उचलला. २०१३ मध्ये सिरॅक्यूज, पिट्सबर्ग आणि नोत्र दाम आले, आणि त्याच सुमारास मेरीलंड निघालं.

मेरीलंडचं जाणं मला आजही पटत नाही. मूळ सातांतलं घर, पहिली पंधरा वर्षं त्यांचीच, आणि मॅसिडोनियात जन्मलेले साशो सिरॉव्स्की १९९३ पासून तिथे असल्यावर दुसरी बहरही आलेली. कारण होतं तिजोरीचं. विद्यापीठाच्या क्रीडा विभागाला तोटा इतका की २०१२ मध्ये त्यांनी सात खेळांचे संघ बंद केले, आणि बिग टेन या कॉन्फरन्सकडे टीव्हीचा पैसा जास्त होता. जाताना एसीसीशी कोर्टकज्जा झाला आणि ३ कोटी १४ लाख डॉलरांवर तडजोड झाली. यात सॉकर खेळणाऱ्या पोरांना कुणी विचारलं नसेल. त्यांनी उत्तर मैदानावर दिलं. २०१२ ची एसीसी जिंकली, २०१३ चीही जिंकली. मग राष्ट्रीय अंतिम सामन्यात पोचले, तर समोर नुकतंच घरात आलेलं नोत्र दाम. जाणारा आणि येणारा, फिलाडेल्फियाजवळच्या मैदानावर, डिसेंबरच्या थंडीत. नोत्र दाम २-१ जिंकलं. सिरॉव्स्कींनी पुढे २०१८ मध्ये पुन्हा राष्ट्रीय विजेतेपद मिळवलं, पण तेव्हा ते दुसऱ्या घरचे होते.

सामने बघायला गेलं की हे सगळं राजकारण दिसत नाही, ऐकू येतं ते वेगळंच. मी बघायला लागले तेव्हा घड्याळ ४५ मिनिटांवरून उलटं शून्याकडे उतरायचं, आणि शेवटची दहा सेकंदं सगळं प्रेक्षागृह मोठ्यांदा मोजायचं. जगात इतरत्र सॉकर बघितलेल्यांना हे पोरकट वाटतं. २०२१ पर्यंत जादा वेळेत पहिला गोल झाला की सामना तिथेच खलास. एक संघ एकमेकांच्या अंगावर उड्या मारतोय, दुसरा जागच्या जागी गवतावर आडवा. तो नियम गेला ते न्यायाच्या दृष्टीनं बरं झालं, पण नाट्य कमी झालं. आणि प्रेक्षक म्हणाल तर पुण्यात भरत नाट्य मंदिरात पुरुषोत्तम करंडकाची अंतिम फेरी ज्यांनी पाहिली आहे, त्यांना वेगळं काही सांगायला नको. तीच घसा फुटेपर्यंतची "अरे आवाज कुणाचा", तेच प्रतिस्पर्ध्याच्या कॉलेजावरचे टोमणे, तेच पाचदहा वर्षांपूर्वी पास होऊनही अजून आरडाओरडा करायला येणारे माजी विद्यार्थी. फरक एवढाच की इथे समोसा मिळत नाही.

महामारीच्या वर्षी तोही आवाज नव्हता. २०२० मध्ये बऱ्याच कॉन्फरन्सनी शरदातले सामने रद्द केले, एसीसीनं मात्र स्पर्धा घेतली आणि क्लेमसननं पिट्सबर्गला हरवून ती जिंकली. राष्ट्रीय स्पर्धा पुढे ढकलून वसंतात गेली, तिचा अंतिम सामना मे महिन्यात आमच्या कॅरीतच झाला आणि मार्शल नावाचं एसीसीबाहेरचं विद्यापीठ ती घेऊन गेलं. घरच्या मैदानावर घरचं कुणीच नाही. मग लगेच दोन वर्षं हिशेब चुकता झाला. २०२२ मध्ये सिरॅक्यूजनं आणि २०२३ मध्ये क्लेमसननं घरचा करंडक आणि देशाचं विजेतेपद दोन्ही एकाच हंगामात मिळवलं. वरच्या माझ्या यादीतला सिद्धांत इतका पक्का नाही, हे इथे नोंदवून ठेवते.

२०२४ मध्ये एसीसीत स्टॅनफर्ड, कॅलिफोर्निया आणि डॅलसचं सदर्न मेथडिस्ट आलं. पॅसिफिकच्या काठावरची दोन विद्यापीठं अटलांटिक कोस्टच्या नावाखाली खेळतात, याचं आता कुणाला हसूही येत नाही. स्टॅनफर्डचा संघ २०१५ ते २०१७ असा लागोपाठ तीनदा देशात पहिला आलेला, तेव्हा खेळाचा दर्जा वाढला हे खरं. पण सेमिस्टर चालू असताना वीस वर्षांची पोरं नव्वद मिनिटांसाठी तीन टाइम झोन ओलांडून येतात आणि परत जाऊन सकाळच्या तासाला बसतात. हे फुटबॉलच्या टीव्ही करारासाठी आखलेलं वेळापत्रक आहे, सॉकर त्याच्या मागे फरफटत जातो. २०२५ पासून शिष्यवृत्त्यांची ९.९ ची मर्यादाही गेली. आता संघात २८ जण ठेवता येतात आणि परवडलं तर सगळ्यांना पूर्ण शिष्यवृत्ती देता येते. ज्यांना परवडणार नाही त्यांच्या सॉकरचं काय, याचा निर्णय जमाखर्च बघणारे घेतील.

नवीन मंडळींपैकी डॅलसवाल्यांनी पहिल्याच वर्षी थेट अंतिम फेरी गाठली. हरवलं त्यांना वेक फॉरेस्टनं, म्हणजे १९५३ च्या मूळ सातांतल्या एकानं, चौथ्यांदा. विन्स्टन-सेलम आमच्यापासून दोन तासांपेक्षाही कमी. तिथली पोरं करंडक घेऊन बसनं त्याच रात्री घरी पोचू शकतात. डॅलसच्या पोरांना विमान पकडावं लागतं.